भारतीय संसदेचा आरंभकाळ आणि अधिकारविभाजनाचे तत्त्व

अधिकारविभाजनाचे तत्त्व संविधानात लिहून ठेवणे आणि ते व्यवहारात उतरविणे या दोन निराळ्या गोष्टी होत. संविधानसभेत १० डिसेंबर १९४८ रोजी प्रा. के. टी. शहा यांनी कायदेमंडळ, कार्यकारी मंडळ व न्यायमंडळ ही परस्परांपासून पूर्णतः विभक्त असावीत, अशा आशयाचे नवे कलम सुचविले. सभेने ते अमान्य केले. त्यापूर्वी ४ नोव्हेंबर १९४८ च्या भाषणात डॉ. आंबेडकरांनी स्थैर्यापेक्षा उत्तरदायित्वाला अधिक मोल देणारी संसदीय पद्धती का स्वीकारली, याचे विवेचन केलेलेच होते. मंत्रिमंडळ सभागृहातूनच निर्माण व्हावे आणि त्यालाच जबाबदार असावे, हे एकदा ठरल्यावर संपूर्ण विभक्ततेला जागा उरत नव्हती. परंतु त्यामुळेच एक बिकट प्रश्न उभा राहिला : ज्या सभागृहात बहुमत मंत्रिमंडळाचे, त्या सभागृहाने मंत्रिमंडळापासून आपले पृथक्त्व राखावे कसे?

या प्रश्नाचे पहिले उत्तर कचेरीच्या रूपाने मिळाले होते. १९२१ मध्ये केंद्रीय विधानसभा अस्तित्वात आली तेव्हा तिचे कामकाज पाहणारा सेवकवर्ग सरकारच्याच विधिखात्याचा होता. १९२५ मध्ये विठ्ठलभाई पटेल पहिले निर्वाचित अध्यक्ष झाले. त्यांच्या आग्रहामुळे १९२९ मध्ये सभेचे स्वतंत्र खाते निर्माण झाले. पुढे संविधानाच्या ९८ व्या अनुच्छेदाने प्रत्येक सभागृहाला स्वतंत्र सचिवालय दिले. सभागृहाचा लेखनिक कोणाचा नोकर, हा प्रश्न वरवर क्षुल्लक दिसतो. पण प्रश्नोत्तरांची छाननी ज्याच्या हातून होते, तो मंत्र्याचा ताबेदार असेल तर उत्तरदायित्व नावापुरतेच उरते.

दुसरे उत्तर अध्यक्षपदाच्या स्वरूपात शोधावे लागते. १७ नोव्हेंबर १९४७ रोजी गणेश वासुदेव मावळंकर संविधानसभेच्या विधिमंडळ शाखेचे 'स्पीकर' झाले. तत्पूर्वीच्या केंद्रीय विधानसभेत या पदास 'प्रेसिडेंट' म्हणत. मराठीत दोहोंसाठी 'अध्यक्ष' हा एकच शब्द असल्यामुळे हे नामांतर आपल्या सहसा लक्षात येत नाही. मूळच्या रत्नागिरीकडील मराठी घराण्यातील, परंतु अहमदाबाद ही कर्मभूमी मानणाऱ्या मावळंकरांनी २७ फेब्रुवारी १९५६ रोजी निधन होईपर्यंत हे पद भूषविले. ते काँग्रेस पक्षाचेच होते. तरीही वटहुकुमांच्या वाढत्या वापराविषयी त्यांनी १९५० मध्ये आणि पुन्हा १९५४ मध्ये सरकारला लेखी विरोध कळविला. १२३ वा अनुच्छेद हा अधिकार देतो तो सभागृहांची बैठक चालू नसताना, तातडीच्या प्रसंगापुरताच. केवळ वेळ अपुरा म्हणून वटहुकूम काढणे म्हणजे संसदेपुढे झालेली गोष्ट मांडून तिच्याकडून नुसता होकार घेणे होय, हा त्यांच्या आक्षेपाचा गाभा होता.

तिसरे उत्तर न्यायालयाकडून आले. दिल्ली कायदे अधिनियमाविषयीच्या १९५१ मधील अभिप्रायात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी सात स्वतंत्र मते लिहिली. कायदे करण्याचे मूलभूत कार्य संसदेला दुसऱ्याच्या स्वाधीन करता येत नाही, हे सूत्र त्यांतून पुढे प्रस्थापित झाले. दुय्यम नियम तपासणारी लोकसभेची समिती १९५३ मध्ये स्थापन झाली. १९५५ च्या राम जवाया कपूर खटल्यात सरन्यायाधीश मुखर्जी यांनी सांगितले की, आपले संविधान विभाजनाचे तत्त्व त्याच्या कठोर रूपात स्वीकारीत नाही. मात्र प्रत्येक अंगाची कार्ये पुरेशी भिन्न दाखविते. या अर्थाने आपल्याकडील व्यवस्थेला 'सत्ताविभाजन' म्हणण्यापेक्षा 'कार्यविभागणी' म्हणणे अधिक यथार्थ ठरेल.

तथापि अशी विभागणी भिंतीसारखी एकदा उभारून भागत नाही. तिची राखण सतत करावी लागते. १९६७ ते १९८१ या काळात बिहारमध्ये २५६ वटहुकूम निघाले व त्यांतील कित्येक पुनःपुन्हा काढून वर्षानुवर्षे जिवंत ठेवले गेले. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतील प्रा. डी. सी. वाधवा यांनी संशोधनातून हे उघड करून न्यायालयात दाद मागितली, आणि डिसेंबर १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही प्रथा संविधानाशी केलेली प्रतारणा ठरविली. २०१७ मध्ये सात न्यायमूर्तींच्या पीठाने तोच दंडक अधिक दृढ केला. मावळंकरांनी पत्रातून दिलेला इशारा न्यायनिर्णयाच्या रूपात येण्यास तीन दशकांहून अधिक काळ लागला. मधल्या काळात विधिमंडळाचे सदस्य स्वतः जागरूक राहिले असते, तर एका अभ्यासकाला न्यायालयाचे दार ठोठावण्याची वेळ आली नसती.