कागदी पुत्र : चिनी अमेरिकनांचे दप्तर आणि त्यांची कादंबरी

इ. स. १८६९ च्या मे महिन्याच्या १० तारखेस यूटा प्रदेशातील प्रोमॉन्टरी या उजाड माळावर पूर्वेकडून व पश्चिमेकडून आलेले दोन लोहमार्ग एकमेकांस जोडले गेले. पश्चिमेकडील भाग बांधणाऱ्या सेंट्रल पॅसिफिक कंपनीच्या मजुरांत बहुसंख्य चिनी होते. १८६५ पासूनच्या चार वर्षांत दहा ते पंधरा हजार, काहींच्या मते त्याहूनही अधिक, चिनी मजुरांनी सिएरा नेवाडाचा ग्रॅनाइट फोडला. १८६७ च्या जूनमध्ये त्यांतील काही हजारांनी वेतनवाढीसाठी काम बंद ठेवले आणि कंपनीने शिधा रोखून तो संप मोडला. इतके सारे घडूनही या मजुरांपैकी एकाच्याही हातचे पत्र किंवा रोजनिशी आजवर उपलब्ध झालेली नाही. स्टॅनफर्ड विद्यापीठातील अभ्यासकांनी २०१२ पासून दोन्ही देशांत कसून शोध घेतला. हाती आली ती कंपनीची वेतनपत्रके, वृत्तपत्रांतील उल्लेख आणि छावण्यांच्या जागी सापडलेली वाडग्यांची खापरे.

वेतनपत्रकांचीही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. बहुतेक ठिकाणी त्यांत टोळीच्या मुकादमाचेच नाव येते आणि त्याच्या हाताखालील माणसे केवळ संख्येने मोजलेली असतात. जी नावे आहेत त्यांतील कित्येक ‘आ’ या अक्षराने सुरू होतात. हा ‘आ’ म्हणजे दक्षिण चीनच्या बोलीत सलगीने हाक मारताना नावापूर्वी लावण्याचा उपसर्ग होय; तो नावही नव्हे आणि आडनावही नव्हे. एखाद्या परकीय कारकुनाने आपल्याकडे ‘अरे गणू’, ‘अरे सखा’ अशा हाका ऐकून साऱ्या गावाचे आडनाव ‘अरे’ असे लिहून ठेवावे, तसाच हा प्रकार. अशा नोंदीवरून माणूस ओळखणे अशक्यच.

या पोकळीत कादंबरीकार शिरला, यात नवल नाही. मॅक्सिन हाँग किंग्स्टन यांच्या ‘चायना मेन’ (१९८०) या ग्रंथात लोहमार्गावर राबणारा आजोबा वेताच्या टोपलीत बसून कड्यावर लोंबकळतो आणि सुरुंग पेरतो. हे चित्र इतके ठसठशीत आहे की ते पाठ्यपुस्तकांतही सर्रास आढळते. परंतु केप हॉर्नच्या कड्यावर टोपल्या खरोखरीच सोडल्या होत्या काय, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. समकालीन कागदपत्रांत त्यास भक्कम आधार सापडत नाही. येथे कादंबरीस दोष देणे व्यर्थ आहे. दोष असलाच तर तो दंतकथा आणि पुरावा यांतील सीमारेषा न तपासता चित्र उचलणाऱ्या इतिहासकाराचा. किंग्स्टन यांनी स्वतः याबाबत विलक्षण प्रामाणिकपणा दाखविला आहे. पित्याच्या अमेरिकाप्रवेशाच्या परस्परविरुद्ध हकीकती त्या शेजारी शेजारी मांडतात. एकीत तो पेटीत लपून न्यूयॉर्कला उतरतो, दुसरीत सॅन फ्रान्सिस्कोच्या तपासणीतून रीतसर पार पडतो. ग्रंथाच्या मध्यभागी तर चिनी लोकांविरुद्धच्या कायद्यांची कालानुक्रमाने रूक्ष जंत्रीच दिली आहे. कल्पितामध्ये उभा केलेला हा कोरडा खांब पुष्कळ टीकाकारांना खटकला. वस्तुतः त्या ग्रंथाचा सारा भार त्यावरच आहे.

कारण चिनी अमेरिकनांच्या बाबतीत कल्पित कथा प्रथम रचविली ती साहित्याने नव्हे, तर कायद्याने. १८८२ च्या बहिष्कार कायद्याने चिनी मजुरांस प्रवेशबंदी केली आणि चिनी माणसास नागरिकत्व घेण्याचा मार्गही बंद केला. चिनी स्त्रियांची वाट १८७५ च्या पेज कायद्याने आधीच अडविली होती. १८९० च्या जनगणनेत दर चिनी स्त्रीमागे सुमारे २७ चिनी पुरुष आढळतात. तथापि १८९८ मध्ये वाँग किम आर्क याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अमेरिकेत जन्मलेला चिनी हा जन्मसिद्ध नागरिक होय, असा निर्णय दिला. नागरिकाच्या परदेशी जन्मलेल्या मुलांसही प्रवेशाचा हक्क होता. पुढे १९०६ च्या १८ एप्रिलला सॅन फ्रान्सिस्कोत भूकंप झाला, आग लागली आणि शहराच्या जन्मनोंदी जळून गेल्या. आता ‘माझा जन्म याच शहरातला’ असे कोणी म्हटले, तर ते खोडून काढण्यास कागद उरला नाही.

येथून ‘कागदी पुत्रां’ची परंपरा जोमाने वाढली. असा नागरिक मायदेशी जाऊन परतला की तेथे आपल्याला मुलगा झाल्याची नोंद करी. मुलगा खरा असो वा नसो, त्याच्या नावाची एक जागा कागदावर तयार होई. ती जागा भाचा, पुतण्या, गावकरी किंवा सर्वस्वी परका मनुष्य विकत घेई. वयाच्या दर वर्षामागे सुमारे १०० डॉलर असा भाव रूढ होता. जागेबरोबर आडनाव येई, पिता येई आणि एक संपूर्ण गावही येई. ते गाव पाठ करावे लागे.

१९१० ते १९४० या काळात सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागरातील एंजल बेटावर ही परीक्षा होत असे. घराच्या दारापर्यंत पायऱ्या किती, तांदळाची कणगी कोणत्या खोलीत, विहीर कोणत्या दिशेस, तिसऱ्या रांगेतील दुसऱ्या घरात कोण राहतो, आजीचे पाय बांधलेले होते काय, असे शेकडो प्रश्न पुत्रास विचारले जात. तेच प्रश्न पित्यास व साक्षीदारांस निराळे विचारून उत्तरे ताडून पाहिली जात. त्यासाठी पढवणीच्या वह्या लिहिल्या जात आणि बंदर येण्यापूर्वी त्या समुद्रात फेकल्या जात. निर्णय होईपर्यंत काही दिवस लागत, कित्येकांना महिने लागत. यातील क्रूर विपर्यास असा की, खऱ्या पुत्रालाही वही पाठ करणे भागच होते. आपल्या घराच्या पायऱ्या कोण मोजून ठेवतो? पाठ न केलेला खरा मुलगा परत पाठविला जाण्याचा संभव होता आणि चांगले पाठांतर केलेला परका आत येत होता. अशा चौकशीत सत्य आणि रचित यांचा पोत एकच होऊन जातो.

या चौकशीची टिपणे मोठ्या संख्येने जतन झाली आहेत, आणि इतिहासकारास ती पर्वणी वाटणे स्वाभाविक आहे. परंतु त्यांच्या भाषेचा विचार केल्यावाचून त्यांचा उपयोग करणे धोक्याचे आहे. येणाऱ्यांपैकी पुष्कळ जण क्वांगतुंग प्रांतातील तैशान व त्याच्या शेजारच्या तालुक्यांतले. त्यांची बोली कँटन शहराच्या बोलीहून बरीच भिन्न आहे. उत्तर या बोलीत दिले जाई, दुभाषा ते इंग्रजीत सांगे, लघुलेखक टंकलिखित करी. दप्तरात उरली ती केवळ इंग्रजी. आता चिनी भाषेत बापाचा थोरला भाऊ व धाकटा भाऊ यांस स्वतंत्र शब्द आहेत आणि मामा त्यांहून वेगळा. इंग्रजीत हे सारे एकाच शब्दात कोंबले जातात. मराठी वाचकास ही अडचण समजावून सांगण्याची गरज नाही. म्हणून दोन साक्षींत ‘अंकल’विषयी विसंगती दिसली की ती लबाडीचीच असेल असे नव्हे, ती भाषांतराचीही असू शकते. छापील प्रश्नोत्तरांत जो थंड, तुटक सूर ऐकू येतो तो तरुणाचा नव्हे, दप्तराचा आहे.

त्याच बेटावर दुसरेही एक दप्तर होते. कोठडीच्या लाकडी भिंतींवर कैद्यांनी अभिजात चिनी वृत्तांत कविता कोरल्या. अधिकाऱ्यांनी त्या लांबी भरून व रंग देऊन बुजविल्या. १९७० मध्ये तेथील एका उद्यानरक्षकाच्या दृष्टीस त्या पडल्या आणि १९८० मध्ये हिम मार्क लाय, जेनी लिम व ज्युडी युंग यांनी त्यांचा संग्रह भाषांतरासह प्रसिद्ध केला. बहुतेक कवितांखाली नाव नाही. चौकशीत खोटे नाव सांगणारा मनुष्य भिंतीवर कोणते नाव लिहिणार?

या पार्श्वभूमीवर कादंबऱ्यांकडे पाहिले म्हणजे त्यांची प्रतवारी कथानकावरून न करता भाषेवरून करावी लागते. सी. वाय. ली यांची ‘फ्लॉवर ड्रम साँग’ (१९५७) अतिशय खपली आणि रंगभूमीवरही गाजली. तिच्यातील चायनाटाऊन हसरे आहे, बाहेरच्यांना रुचेल असे. त्यानंतर चारच वर्षांनी तैशानमध्ये जन्मलेल्या लुई चू यांची ‘ईट अ बोल ऑफ टी’ (१९६१) आली आणि दुर्लक्षित राहिली. तिच्यात न्यूयॉर्कच्या चायनाटाऊनमधील म्हातारे पत्त्यांच्या व माजाँगच्या अड्ड्यावर बसलेले आहेत. त्यांच्या बायका अनेक वर्षे समुद्रापलीकडे आहेत. त्यांच्या शिव्या, म्हणी, अभिवादने चू यांनी इंग्रजीत जशीच्या तशी उतरविली. त्या काळच्या काही वाचकांना ही इंग्रजी ओबडधोबड वाटली. पण तो तैशान बोलीचा सांगाडा होता. चौकशीच्या टिपणांतून जो आवाज गाळला गेला, तो येथे ऐकू येतो. १९७४ मध्ये फ्रँक चिन व त्याच्या सहकाऱ्यांनी आपल्या संकलनातून चू यांस मान मिळवून दिला. तोपर्यंत त्यांच्या मृत्यूस चार वर्षे झाली होती. फे म्येन ङ् यांच्या ‘बोन’ (१९९३) मध्ये म्हातारा लिऑन कागदांनी भरलेली पेटी जपून ठेवतो. तो स्वतः कागदी पुत्र आहे. कागद टाकून देणे त्याच्या हातून होत नाही. पुराभिलेखांच्या अभ्यासकाने ते पान अवश्य वाचावे.

बहिष्काराचा कायदा १९४३ मध्ये रद्द झाला. त्याऐवजी वर्षाला १०५ माणसांचा वाटा ठरला. कागदी कुटुंबे मात्र तशीच राहिली. १९५६ पासून सुमारे दहा वर्षे शासनाने कबुलीची मोहीम चालविली. खरे नाव सांगावे, वास्तव्य नियमित होण्याची संधी मिळेल, असे आश्वासन होते, हमी नव्हती. आणि एकाने कबुली दिली की त्याचा कागदी पिता, कागदी भाऊ, त्यांची मुले अशी सारी साखळी उघडी पडे. साम्यवादी चीनशी वैराचा तो काळ. कबुली म्हणजे हद्दपारीचे निमंत्रण ठरेल अशी धास्ती घरोघर होती. तेरा हजारांहून अधिक लोक पुढे आले. काहींनी मूळ आडनाव परत घेतले. पुष्कळांनी घेतले नाही, कारण मुलांच्या शाळेत, दुकानाच्या पाटीवर, सैन्याच्या कागदांत दुसरेच नाव रुजले होते. अशा कुटुंबांतील काही थडग्यांवर आजही दोन नावे वाचावयास मिळतात : इंग्रजी अक्षरांत विकत घेतलेले आडनाव, आणि त्याच दगडावर चिनी लिपीत बापाचे.