लाल पट्ट्यातल्या आया

कृष्णेत मळीचं पाणी आलं की मासे मरतात, वास सुटतो, आपल्याला लगेच कळतं. आज अशा रसायनांची गोष्ट सांगते, जी पाण्यात असली तरी ना दिसतात, ना त्यांचा वास येतो. पाणी उकळलं तरी ती जात नाहीत.

त्यांच्या कुळाचं नाव पीफास. १९३८ साली अमेरिकेत रॉय प्लंकेट या रसायनशास्त्रज्ञाला टेफ्लॉन अचानक सापडलं. पुढं त्यातून न चिकटणारे तवे आले आणि याच कुळातल्या रसायनांपासून पाणी न धरणारं कापड, आग विझवायचा फेस झाला. यांच्यातली कार्बन-फ्लोरिनची गाठ इतकी घट्ट, की ऊन-माती-पाण्यानं सुटत नाही. म्हणून त्यांना 'कायमची रसायनं' म्हणतात. त्यांतल्या पीएफओए या रसायनानं कॅन्सर होतो, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संस्थेनं २०२३ मध्ये जाहीर केलं.

इटलीत त्रिस्सिनो गावात मितेनी नावाचा कारखाना १९६० च्या दशकापासून ही रसायनं बनवत होता. ती जमिनीत मुरली, भूजलात गेली, नळाला आली. हे उघड झालं २०१३ मध्ये. सुमारे साडेतीन लाख लोकांच्या पाण्याचा प्रश्न होता. सरकारनं नकाशा काढला, सगळ्यात बाधित गावं 'लाल पट्ट्यात' आली. तिथल्या मुलांचं रक्त तपासलं, अहवाल घरी आले, आणि २०१७ मध्ये आया एकत्र झाल्या. शाळेचं पाणी तपासा, स्वच्छ पाणी द्या, म्हणत त्या थेट कोर्टापर्यंत गेल्या. जून २०२५ मध्ये व्हिचेंझाच्या कोर्टानं ११ जणांना मिळून १४१ वर्षांची शिक्षा सुनावली.

त्याआधी, २०२३ मध्ये, पत्रकारांनी सगळ्या युरोपचा नकाशा काढला. दूषित ठिकाणं निघाली १७ हजारांवर. जिथं तपासणीत दूषण आढळलं, तिथं ठिपका पडला. जिथं कुणी तपासलंच नाही, अशा अनेक ठिकाणी नकाशा कोरा राहिला. कोरा म्हणजे स्वच्छ नव्हे, बायांनो!

आता आपल्याकडं या. २०१८ मध्ये मितेनी बुडाली. तिची यंत्रं लक्ष्मी ऑरगॅनिक या कंपनीच्या उपकंपनीनं २०१९ मध्ये विकत घेतली आणि ती आली रत्नागिरी जिल्ह्यात, लोटे इथं. तिथलं पाणी काही घाट चढून आपल्याकडं येत नाही. पण आपल्या कोयनेचं पाणी वीज करून वाशिष्ठीत उतरतं, पुढं दाभोळ खाडीला मिळतं. लोटे वसाहतीचं सांडपाणीही त्याच खाडीत सोडतात. तिथल्या भोई बांधवांची प्रदूषणाची तक्रार जुनी आहे. आपल्या लेकी चिपळूण-खेडला दिल्या आहेत. यंत्रं आली म्हणजे पाणी बिघडलंच, असं नाही. पण इटलीत जे घडलं, ते माहीत असताना पाणी आधीपासून तपासायला हवं.

जलजीवन मिशनमध्ये गावोगावी पाच महिलांना पाणी तपासायला शिकवलं जातं. त्या किटमध्ये पीफास कळत नाही. त्याला मोठी प्रयोगशाळा लागते. आपल्या पिण्याच्या पाण्याच्या २०१२ च्या मानकातही त्याची मर्यादा नाही.

मग आपण काय करायचं? गटाच्या पुढच्या बैठकीत गावाचा नकाशा काढा. विहिरी, बोअर, नळयोजनेचा उद्भव दाखवा. वरच्या अंगाला कोणते कारखाने आहेत, सांडपाणी कुठं जातं, ते लिहा. तो कागद ग्रामसभेत ठेवा आणि विचारा, आमचं पाणी कोण तपासतं, कशाकशासाठी तपासतं? उत्तर लेखी मागा.