रेखाटनांचे जतन आणि ॲनिमेशनच्या इतिहासाचे अध्यापन

हाताने रेखाटलेल्या ॲनिमेशनचा इतिहास लिहिताना पूर्ण झालेला चित्रपट हेच मुख्य साधन मानण्याचा प्रघात आहे. मुद्रित ग्रंथ हाती असला म्हणजे हस्तलिखितांचे प्रयोजन उरत नाही, असे म्हणण्यासारखेच हे होय. पडद्यावर गती दिसते. ती कशी सिद्ध झाली हे दिसत नाही.

चित्रपटात एका सेकंदास २४ चौकटी लागतात. एकेक रेखाटन दोन चौकटींपुरते योजिले, तरी १० मिनिटांच्या अखंड हालचालीस ७,२०० रेखाटने होतात. प्रमुख कलावंत हालचालीतील कळीचे टप्पे काढी. मधल्या अवस्था साहाय्यक भरून काढीत. दोन टप्प्यांमधील अंतर कसे विभागावे, याच्या खुणा कागदाच्या कडेला असत. कोणते चित्र किती चौकटी राहावे, याची नोंद वेगळ्या तक्त्यात होई. पुढे रेखाटन पारदर्शक सेल्युलॉइडवर शाईने उतरवीत व मागील बाजूने रंगवीत. पेन्सिलीची खाडाखोड आणि कडेच्या खुणा यांचा येथे लोप होई. गतीचे व्याकरण मात्र त्यांतच असते.

विन्सर मॅके यांच्या ‘गर्टी द डायनोसॉर’ (१९१४) या चित्रपटाची काही मूळ रेखाटने टिकून आहेत. पात्राबरोबर पार्श्वभूमीही दर कागदावर नव्याने काढली जाई, हे त्यांवरून पडताळता येते. पुढील काळात मात्र काटकसरीसाठी अनेक स्टुडिओ रंगविलेले सेल्युलॉइड धुऊन पुन्हा वापरीत. १९५५ साली उघडलेल्या डिस्नेलँडमध्ये तर अशी चित्रे स्मरणवस्तू म्हणून सुटी विकली गेली. सुटे चित्र देखणे खरे. परंतु वाक्यातून उचललेल्या एका शब्दावरून जशी वाक्यरचना कळत नाही, तशी त्यावरून हालचाल कळत नाही.

भारतात फिल्म्स डिव्हिजनने १९५६ साली मुंबईत कार्टून विभाग स्थापिला. डिस्ने स्टुडिओत काम केलेले क्लेअर वीक्स यांनी तेथील चित्रकारांना शिकविले. जातककथेवरील ‘द बनियन डियर’ (१९५७) हे त्या शिक्षणाचे फळ. याच विभागात घडलेले राम मोहन २०१९ साली निवर्तले. फिल्म्स डिव्हिजन २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. कागदांची चवड बोटांत धरून, ती चाळीत गती पारखण्याची ही विद्या मुख्यतः गुरूजवळ बसूनच मिळे. अशा विद्येचे जाणकार गेल्यावर कागद तेवढे साक्षीदार उरतात.

सर्वच कागद ठेवणे कोणत्याही संग्रहालयास शक्य नाही. म्हणून निवड करावी ती उत्कृष्ट चित्रांची नव्हे, तर संपूर्ण प्रसंगांची: कळीची रेखाटने, मधली रेखाटने व तक्ता यांचा मूळ क्रम न मोडता. अध्यापनातही चित्रपट दाखवून थांबू नये. एखाद्या प्रसंगाच्या प्रतिकृती विद्यार्थ्यांच्या हाती द्याव्यात आणि तक्त्यावरून ती हालचाल त्यांनी पुन्हा उभी करावी. असे झाले, तरच या कलेचा इतिहास नावे व सने यांच्या पलीकडे जाईल.