तमाशापट घडवणारा संकलक : अनंत माने

१९५४ साली जपानमध्ये इशिरो होंडा यांनी ‘गोजिरा’ पडद्यावर आणला आणि राक्षसपटांची एक जातकुळीच उभी राहिली. त्याच दशकाच्या अखेरीस मराठीतही एक जातकुळी रुजली, ती तमाशापटाची. तिचे श्रेय प्रामुख्याने अनंत माने यांचे.

माने मूळचे कोल्हापूरचे. त्यांची जडणघडण झाली ती ‘प्रभात’च्या संकलन विभागात, व्ही. शांताराम यांच्या चित्रपटांवर काम करताना. दृश्य नेमके कुठे तोडावे आणि लावणी किती वेळ चालू द्यावी, ही जाण तिथलीच असावी.

तमाशा पडद्यावर त्यांनी प्रथम आणला, असे मात्र नव्हे. ‘लोकशाहीर राम जोशी’ १९४७ मध्येच गाजला होता. मान्यांनी तमाशाला शाहिराच्या चरित्रातून काढून गावच्या सत्तेसमोर उभे केले.

१९५९ चा ‘सांगत्ये ऐका’ पाहावा. पटकथा व्यंकटेश माडगूळकरांची, गीते ग. दि. माडगूळकरांची, संगीत वसंत पवारांचे. गावातील एका बलाढ्य माणसाने केलेला अत्याचार दडपला जातो. पुढे त्याच गावात तमाशाच्या बोर्डावरून एक नर्तकी तो सर्वांसमक्ष मांडते. ज्या स्त्रीला समाज साक्षीदार म्हणून उभे करणार नाही, तिलाच इथे फिर्याद मांडण्याची जागा मिळते. ‘बुगडी माझी सांडली गं’ सर्वांना आठवते, ही फिर्याद मात्र फारशी कोणाला आठवत नाही!

पुण्याच्या विजयानंद चित्रगृहात हा चित्रपट १३१ आठवडे चालला. बोरीकाठच्या अमळनेरपासून दक्षिणेकडे कोल्हापूरपर्यंत जत्रेत फड पाहणाऱ्या प्रेक्षकाला पडद्यावर आपलेच जग दिसू लागले.

यशाची किंमतही होती. ‘केला इशारा जाता जाता’ (१९६५), ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) हे मान्यांचे चित्रपट चालले. पण इतरांनी पाटील, फड आणि लावणी एवढाच साचा उचलला, आणि मराठी चित्रपट म्हणजे तमाशा अशी ओरड सुरू झाली. तो दोष मान्यांच्या माथी मारणे अन्यायाचे आहे. महादेवशास्त्री जोशी यांच्या कथेवरचा ‘मानिनी’ (१९६१) हा कौटुंबिक चित्रपटही त्यांचाच.

‘सांगत्ये ऐका’मध्ये हंसा वाडकर होत्या. अरुण साधू यांच्या शब्दांकनातून त्यांचे आत्मचरित्र आले, तेव्हा त्यांनी याच चित्रपटाचे नाव त्याला दिले. श्याम बेनेगल यांचा ‘भूमिका’ (१९७७) त्याच आत्मचरित्रावर आधारलेला आहे.