संरचना आणि द्रव्य : वरोऱ्याच्या भाषाव्यवहारावरून

संज्ञा निश्चित केल्याशिवाय विवेचनास आरंभ करता येत नाही. एखाद्या समाजाने रूढीने स्वीकारलेल्या चिन्हांच्या व्यवस्थेला 'भाषा' म्हणावे. या व्यवस्थेतील प्रत्येक घटकाचे मूल्य इतर घटकांशी असलेल्या त्याच्या विरोधावरून ठरते. विरोधांच्या आणि संबंधांच्या या जाळ्याला 'संरचना' म्हणावे, आणि संरचना ज्यातून प्रकट होते त्याला 'द्रव्य' म्हणावे. फेर्दिनां द सोस्यूर यांच्या निधनानंतर १९१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांपासून हा भेद आधुनिक भाषाविज्ञानाचा पाया मानला गेला आहे. त्यावरून दोन प्रश्न निघतात : (१) द्रव्य बदलले तर संरचना बदलतेच का? (२) द्रव्य तेच राहून संरचना भिन्न असू शकते का?

या प्रश्नांच्या परीक्षणाला चंद्रपूर जिल्ह्यातील वरोरा हे सोयीचे स्थान आहे. पश्चिमेकडून वऱ्हाडी आणि पूर्वेकडून झाडीबोली अशा मराठीच्या दोन बोलींचे प्रवाह या भागात येतात. चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांत गोंडी ही द्राविडी कुळातील भाषा बोलली जाते. याच गावाशेजारी बाबा आमटे यांनी उभारलेल्या आनंदवनात अंध मुलांची आणि मूकबधिर मुलांची अशा दोन्ही शाळा आहेत.

प्रथम ध्वनींचा विचार करू. प्रमाण मराठीत 'वेल' आणि 'वेळ' हे शब्द केवळ ल आणि ळ यांच्या भेदाने वेगळे होतात. म्हणून ते दोन स्वतंत्र स्वनिम, म्हणजे अर्थभेद करणारे ध्वनिघटक, होत. वऱ्हाडीत 'डोळा'चा 'डोया' होतो, तर झाडीबोलीत 'डोरा'. ऐकणाऱ्याला दोन्ही ठिकाणी ळ नाहीसा झालेला दिसतो, पण तेवढ्यावर थांबता येत नाही. 'काळा'चा 'काया' झाला तरी 'काला' हा 'काला'च राहतो. म्हणजे ल आणि ळ यांमधील विरोध टिकला आहे, त्यातील एका बाजूचे द्रव्य तेवढे बदलले आहे. उलट, ळच्या जागी र आला की 'माळ' आणि 'मार' यांचा उच्चार एकच होऊ शकतो. ण आणि न यांचेही तसेच. ज्या बोलीत ण नाही तिच्यात धान्याचा मण आणि माणसाचे मन एकाच उच्चाराचे असतात व निवाडा संदर्भ करतो. म्हणून ध्वनिपरिवर्तनाचे दोन प्रकार मानावे लागतात : विरोध राखणारे आणि विरोध लोपवणारे. संरचना बदलते ती दुसऱ्या प्रकारात.

येथे एका गैरसमजाचे निराकरण आवश्यक आहे, कारण त्याचा भार लहान मुलांवर पडतो. 'डोया' म्हणणाऱ्या मुलाचा उच्चार अशुद्ध ठरवला जातो. परंतु तो मुलगा 'लाल'ला 'याय' कधीच म्हणत नाही. त्याने ल आणि ळ यांची नेमकी वेगळी गणना केलेली असते, आणि य येतो तो ळच्याच स्थानी. चुकीला अशी नियमितता नसते. जे नियमाने चालते ते व्याकरण होय.

यानंतर रूपांचा विचार. प्रमाण 'मला' आणि वऱ्हाडी 'मले' यांत प्रत्ययाचे द्रव्य भिन्न आहे, कार्य एकच आहे. हा भेद वरवरचा आहे. 'तो जाते' हा प्रयोग मात्र अधिक खोल जातो. प्रमाण मराठीत 'तो जातो' आणि 'ती जाते' यांत क्रियापद कर्त्याचे लिंग दाखवते. 'तो जाते' म्हणणाऱ्या बोलीत या स्थानी क्रियापदाने ते काम सोडले आहे आणि ते केवळ सर्वनामाकडे उरले आहे. 'मी जेवून राहिलो' याचे स्वरूप आणखी उद्बोधक आहे. यातील प्रत्येक अंश प्रमाण मराठीत आहे, तरी येथे अर्थ 'मी जेवत आहे' असा होतो. 'जेवून' भोजनाची समाप्ती सांगत नाही, 'राहिलो' भूतकाळ सांगत नाही. त्यासाठी 'जेवून राहिलो होतो' असे वेगळे रूप आहे. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते : द्रव्य तेच, संरचना भिन्न.

गोंडीत हा भेद वर्गीकरणाच्या तत्त्वापर्यंत पोचतो. मराठीत तीन लिंगे. गोंडीत दोनच वर्ग, पुरुषवाचक आणि पुरुषेतर. पुरुषासाठी 'वोर', आणि स्त्री, पशू व वस्तू यांसाठी 'अद'. यावरून गोंड समाजाच्या स्त्रीविषयक दृष्टीचे अनुमान काढणे अशास्त्रीय ठरेल. मराठीत खुर्ची स्त्रीलिंगी आणि टेबल नपुंसकलिंगी आहे. त्यावरून मराठी माणसाच्या फर्निचरविषयक धारणा कोणी शोधत नाही.

आता द्रव्यच ध्वनी नसेल तर? विल्यम स्टोको यांनी १९६० मध्ये अमेरिकी सांकेतिक भाषेविषयी दाखवले की तिचे संकेत हे अखंड हावभाव नसून हाताचा आकार, स्थान आणि गती अशा अर्थहीन घटकांत विभागता येतात. ध्वनींचे स्वनिम जे कार्य करतात तेच हे घटक करतात. भारतीय सांकेतिक भाषेला स्वतःचा वाक्यविन्यासही आहे. 'तू कुठे जातोस?' या मराठी प्रश्नात प्रश्नशब्द मध्ये येतो. सांकेतिक भाषेत 'कुठे' हा संकेत सामान्यतः अंती येतो. ही मराठीची हस्तरूप प्रतिकृती नव्हे. इंग्रजी समान असूनही अमेरिकेच्या आणि ब्रिटनच्या सांकेतिक भाषा परस्परांना दुर्बोध आहेत, ही गोष्टही त्याच निष्कर्षाला पुष्टी देते.

ब्रेलची कोटी याच्या नेमकी उलट आहे. सहा बिंदूंच्या मांडणीतून त्रेसष्ट चिन्हे मिळतात, आणि अंध विद्यार्थी बोटांनी जे वाचतो ती संपूर्ण मराठीच असते. द्रव्य दृश्याचे स्पर्श्य झाले, संरचनेला धक्का लागला नाही. ब्रेल ही लिपी आहे, सांकेतिक भाषा ही भाषा आहे. दोहोंना 'अपंगांची साधने' या एका शीर्षकाखाली ठेवणे हा कोटिदोष होय. या भेदाचे अध्यापनातील फलित स्पष्ट आहे. अंध मुलाला मराठीचे पुस्तक द्यायचे तर लिप्यंतर पुरते. सांकेतिक भाषेत वाढलेल्या बधिर मुलाला मात्र तेच पुस्तक दुसऱ्या भाषेचे असते आणि ते दुसऱ्या भाषेच्या पद्धतीनेच, त्याच्या पहिल्या भाषेचा आधार घेऊन, शिकवावे लागते. गोंडी बोलत शाळेत येणाऱ्या मुलाची स्थितीही याच कोटीत मोडते.