केदारखेडा ते पोर्ट लुई: उसाच्या वाटेने

राजूरच्या गणपतीचे दर्शन घेऊन भोकरदनकडे निघालात की केदारखेड्याला पूर्णा लागते. आश्विन सरत आलेला. कपाशी फुटली आहे, सोयाबीनची मळणी उरकली आहे आणि रस्त्याच्या कडेला एक ट्रक उभा आहे. त्यात पत्रे, बांबू, ताडपत्री, धान्याची पोती, पाण्याचा ड्रम, खुराड्यातल्या कोंबड्या, आणि या सगळ्याच्या वर लेकरे बसलेली. मुकादम हिशेब धरतो तो कोयत्यांवर. एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. पावसाळ्याआधी घेतलेली उचल लग्नात, दवाखान्यात नाहीतर पेरणीत कधीच संपली. आता पट्टा पडेपर्यंत, म्हणजे हंगाम संपेपर्यंत चार-पाच महिने, पश्चिम महाराष्ट्रातल्या किंवा कर्नाटकातल्या कुठल्याशा उसाच्या फडात ती अंगमेहनतीने फेडायची.

तुम्ही पात्रात उतरा. पायाशी काळा दगड आहे, तो उचला. दख्खनचा हा पाषाण सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. भूगर्भशास्त्रज्ञ सांगतात की पृथ्वीच्या पोटातल्या ज्या उष्ण झऱ्याने हा लाव्हा ओतला, त्यानेच फार नंतर हिंदी महासागरात मॉरिशस बेट उभे केले. केदारखेड्याच्या विहिरीत लागणारा कातळ आणि त्या बेटावरचा कातळ एकाच चुलीवरचे. दगड मुठीत धरा आणि काळात मागे चला.

पूर्णेवरचा पूल विरतो. १९८१ च्या मागे गेलात की जालना जिल्हाच नाही. तुम्ही औरंगाबाद जिल्ह्यात उभे आहात. १९४८ च्या मागे गेलात की निजामाच्या राज्यात. आणखी मागे, १८०३ च्या सप्टेंबरात, जवळच्या आसईवरून तोफांचे आवाज येतात. शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजांशी ईस्ट इंडिया कंपनीचा वेलस्ली लढतो आहे. सात वर्षांनी, १८१० मध्ये, इंग्रज फ्रेंचांकडून मॉरिशस हिसकावून घेतील. तिथल्या उसाच्या मळ्यांत गुलाम राबत असतील. १ फेब्रुवारी १८३५ रोजी तिथली गुलामगिरी संपेल आणि मळेवाले दुसरे हात शोधू लागतील. खरे तर त्यांनी ते आधीच शोधलेले असतील: २ नोव्हेंबर १८३४ रोजी ॲटलस नावाचे जहाज कलकत्त्याहून ३६ मजूर घेऊन पोर्ट लुईला लागेल. त्यांचा करार ऐका. महिना पाच रुपये, वर खाणे आणि कपडे. सहा महिन्यांचा पगार आगाऊ. परतीच्या भाड्यासाठी दरमहा एक रुपया कापून घ्यायचा. ट्रकाशेजारी उभ्या असलेल्या मुकादमाला हा करार वाचून दाखवला तर त्याला एकही अट नवी वाटणार नाही.

आता १८५० च्या दशकात थांबा. तुम्ही मुंबई बंदरात आहात. आजूबाजूची माणसे बहुतेक कोकणातली: रत्नागिरीची, मालवणची, सावंतवाडीकडची. काही घाटावरची. कुणाचे शेत सावकाराच्या घरात गेले आहे, कुणाच्या घरी खाणारी तोंडे जास्त आणि भात कमी. साहेबापुढे उभे केल्यावर विचारले जाते, राजीखुशीने जातोस ना? तुमच्या पुढचा माणूस मान हलवतो आणि कागदावर फुली मारतो. कागदात काय आहे हे त्याला कुणी नीट सांगितलेले नाही. या कराराला, ॲग्रीमेंटला, हे लोक गिरमिट म्हणतील आणि स्वतःला गिरमिटिया.

जहाज सुटते. किनारा दिसेनासा होतो तेव्हा एक म्हातारा हात जोडतो. काळे पाणी ओलांडले की जात जाते, असे त्याला लहानपणापासून सांगितलेले. खाली जहाजाच्या तळाशी जागा इतकी थोडी की आडवे व्हायचे तर शेजाऱ्याने कूस बदलायला हवी. पाणी मापून मिळते. पहिल्या आठवड्यात कोण कुणाच्या हातचे खातो यावर भांडणे होतात. पुढे लाटा वाढल्या की ती थांबतात. ज्यांनी एका जहाजात ओकाऱ्या काढल्या आणि एकमेकांना धरून ठेवले, ते बेटावर उतरल्यावर जन्मभर एकमेकांना जहाजाचे भाऊ मानतील. तुमच्या शेजारचा रत्नागिरीकडचा गडी विचारतो, "भाऊ, तुमचा गाव खयचा?" तुम्ही पूर्णेकाठचे नाव सांगता. त्याने ते कधी ऐकलेले नसते. तरी तो आपल्या वाट्याचे चणे पुढे करतो.

पोर्ट लुई. डोंगर थेट तुमच्यामागे आल्यासारखे काळे. धक्क्यावरून सोळा पायऱ्या चढून आवारात जायचे. आप्रवासी मजुरांचा हा डेपो नुकताच, १८४९ मध्ये, बांधून झालेला आहे. टेबलामागचा कारकून विचारतो: नाव, बापाचे नाव, जात, गाव, वय. उंची मोजतो, अंगावरची खूण पाहतो, मस, डाग, जुनी जखम. ऐकू येईल तसे नाव लिहितो आणि पुढे एक आकडा घालतो. इथून पुढे तुमची ओळख हा आकडाच. हा कारकून तुम्हाला ताब्यात ठेवण्यासाठी लिहितो आहे, हे लक्षात असू द्या. पण त्याची ही वही पुढे कामाला येणार आहे.

दोन दिवसांनी तुम्ही मळ्यावर. पहाट व्हायच्या आधी घंटा होते. सरदार नावे पुकारतो. हा सरदार आपल्यातलाच, हिंदुस्थानीच. मळ्यावरचा मुकादम तो. मराठवाड्याच्या तोंडाला भाकरीची सवय, इथे तांदूळ, डाळ, मीठ आणि थोडे तेल मिळते. आधी ऊस लावायला जमीन करायची असते, आणि जमीन दगडांनी भरलेली. मुठीतला दगड आता पाहा. तोच काळेपणा, तीच बारीक छिद्रे. पहारीने दगड उकरायचा, दोघांनी उचलायचा, शेताच्या मध्ये रचायचा. संध्याकाळी ढीग कमरेला येतो, महिन्याभरात माणसाच्या डोक्यावर जातो. हे ढीग पुढे कुणी हलवणार नाही. मॉरिशसच्या उसात आजही ते मनोऱ्यांसारखे उभे आहेत आणि भोवतीने ऊस लागतो. या बेटावर शेतमजुराचे स्मारक शोधायचे असेल तर त्यांच्याकडे पाहावे. दर ढिगातल्या प्रत्येक दगडाला कुणाचा तरी हात लागलेला आहे.

कामावर एक दिवस आला नाहीत तर दोन दिवसांचा पगार कापला जातो. ताप असला तरी. बाई असली आणि तान्हे मूल असले तरी. पाच रुपयांच्या महिन्यात असे किती दिवस कापले गेले तर काय उरते, याचा हिशेब तुम्ही रात्री झोपडीत बोटांवर करता. हातांना पानांच्या धारेने चिरा पडल्या आहेत. याच दशकात हे बेट वर्षाला एक लाख टनांवर साखर काढू लागते आणि इंग्रजी साम्राज्यातल्या सर्वांत मोठ्या साखर उत्पादकांमध्ये जाऊन बसते. लंडनच्या चहात ती साखर विरघळते. ती कुणी काढली हे कपापाशी पोहोचत नाही.

वर्षे पुढे सरकवा. १८६७. हिवतापाची साथ बेटभर पसरली आहे आणि हजारो माणसे जात आहेत. त्याच साली कायदा येतो: ज्यांचा करार संपला आहे अशा जुन्या आप्रवाशांनीही फोटो लावलेला पास जवळ बाळगायचा. पास नसला की पोलीस भटका म्हणून उचलणार. करार संपला म्हणजे सुटलो, असे ज्याला वाटत होते त्याला आता रस्त्याने चालतानाही परवानगी दाखवावी लागते.

१८७१ मध्ये मात्र काहीतरी हलते. आदोल्फ द प्लेवित्झ नावाचा एक गोरा माणूस, स्वतः मळा सांभाळणारा, जुन्या आप्रवाशांच्या तक्रारी कागदावर मांडतो. अर्ज गावोगाव फिरतो. मळेवाले चिडले आहेत, प्लेवित्झला बेटावरून हाकलावे अशी मागणी करत आहेत. रात्री दिव्याच्या उजेडात तो कागद तुमच्यापुढे येतो. मुंबईत मारलेली फुली आणि ही फुली यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. तिथे काय लिहिले आहे हे ठाऊक नव्हते. इथे प्रत्येक ओळ आपल्याला समजेल अशा बोलीत कुणीतरी वाचून दाखवली आहे: पगार कापला जातो, पासासाठी छळ होतो, न्याय मिळत नाही. तुमच्यासह ९,४०१ जण त्याखाली आपली निशाणी करतात. पुढल्या वर्षी लंडनहून शाही आयोग येतो आणि १८७५ मध्ये त्याच्या अहवालात बऱ्याच तक्रारी खऱ्या ठरतात. दैन्य एका रात्रीत जात नाही. पण राबणाऱ्याने लिहून दाद मागितली आणि साम्राज्याला ऐकून घ्यावे लागले, एवढे तरी घडते.

१८८० नंतर साखरेचे भाव पडतात. अडचणीत आलेले मळेवाले कडेच्या जमिनी तुकडे करून विकायला काढतात. वर्षानुवर्षे मीठ-भातावर काढून ज्यांनी पैसा जमवला ते गिरमिटिये या जमिनी घेतात. बायकांनी अंगावरचे चांदीचे दागिने मोडले, पुरुषांनी बिघाभराच्या तुकड्यासाठी सावकाराच्या पायऱ्या झिजवल्या. ज्या माणसाला आकड्याने ओळखत होते, त्याच्या नावाचा आता सातबारासारखा कागद होतो. मुलाला शाळेत घालायची हिंमत त्या कागदाने येते.

१८९६. हेन्रिएटा नावाच्या वस्तीत भिवाजी कुटुंबाने गणपती बसवला आहे. बेटावरचा हा पहिला गणेशोत्सव असे मानले जाते. माती इथलीच, हात कोकणातले. दीड दिवसांचा, पाच दिवसांचा, यावर म्हाताऱ्यांची चर्चा चालली आहे. पायात घुंगरू बांधलेली पोरे जाखडीचा फेर धरतात. त्यातली कितीतरी पोरे कोकण न बघता मोठी झाली आहेत, त्यांच्या तोंडी क्रिओल बोली आहे, पण पाय ठेका चुकत नाहीत.

इथून पाऊल लांब टाका. १९०१ मध्ये गांधीजी दक्षिण आफ्रिकेहून परतताना इथे थांबतात. १९०७ मध्ये मणिलाल डॉक्टर हे वकील येतात आणि कोर्टात मजुरांची बाजू मांडतात. २७ सप्टेंबर १९४३ रोजी बेल व्ह्यू हारेल इथे संपावरच्या मजुरांवर पोलीस गोळ्या झाडतात. मृतांमध्ये अंजलय कूपेन आहे, तमिळ मुळाची, गरोदर, उसात राबणारी बाई. तुम्ही तिथे गर्दीत उभे आहात. केदारखेड्याच्या ट्रकाने निघालेल्या बायांसारखीच ती. पुढे त्या देशाने तिच्या नावाने क्रीडांगण बांधले.

१२ मार्च १९६८ ला मॉरिशस स्वतंत्र होते. ज्यांचे आजे-पणजे सोळा पायऱ्या चढून आले, ते आता सरकार चालवतात, कायदे करतात, शिकवतात, दवाखाने चालवतात. गणेश चतुर्थीला देशभर सार्वजनिक सुट्टी असते. २ नोव्हेंबरला, गिरमिटियांच्या आगमनाच्या दिवशीही. मराठी भाषा शाळेत शिकता येते, मोका इथल्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये तिचे उच्च शिक्षण घेता येते. २००६ मध्ये युनेस्कोने त्या डेपोला, आप्रवासी घाटाला, जागतिक वारशाचा दर्जा दिला. साडेचार लाखांहून अधिक माणसे या वाटेने आली होती. आणि कारकुनाच्या त्या वह्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये जपून ठेवल्या आहेत. चौथ्या-पाचव्या पिढीची माणसे तिथे जाऊन पणजोबाचे नाव, गाव, अंगावरची खूण शोधतात. पकडून ठेवण्यासाठी लिहिलेली नोंद आज त्यांच्या हक्काचा पुरावा झाली आहे.

हा सगळा प्रवास तुम्ही अंगावर घेतलात, म्हणून त्यातला मुद्दा तुमच्यापुढे स्पष्टच ठेवतो. नुसत्या कष्टाने कुणाला देश मिळत नाही. कष्ट तर १८३४ पासून चालूच होते. चित्र पालटले ते अर्ज झाला, जमीन नावावर झाली, मुले शाळेत गेली, संप झाला आणि राबणाऱ्यांची नोंद राहिली तेव्हा. परका म्हणून आलेला माणूस त्या पाच गोष्टींनी नागरिक झाला आणि देशाने त्याच्यामुळे आपण उभे आहोत हे जाहीरपणे मान्य केले.

आपल्या मराठवाड्यातले ऊसतोड कामगार देश सोडून जात नाहीत. आपल्याच राज्यात, फार तर शेजारच्या राज्यात जातात. तरी फडातल्या कोपीत ते परकेच राहतात: रेशन गावी, मत गावी, शाळा गावी, अंगणवाडी गावी. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची चौकशी २०१९ मध्ये झाली तेव्हा त्या खाड्याच्या दंडाच्या भीतीने आजारपण कसे अंगावर काढतात, ते राज्याला कळले. मॉरिशसच्या मळ्यावरचा तोच खाडा, दीडशे वर्षांनंतर, आपल्या उंबऱ्यात. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने ऊसतोड कामगार कल्याण महामंडळ झाले आहे. २०२१ मध्ये त्यांच्या मुलांसाठी संत भगवानबाबा वसतिगृह योजना सुरू झाली आणि तिच्या पहिल्या टप्प्यात जालना जिल्हाही होता. ही चांगली पावले आहेत. त्यांची मजल गावागावांत, तालुक्यातालुक्यांत मोजली पाहिजे.

मागायचे काय, तेही त्या बेटाने शिकवले आहे. प्रत्येक कोयत्यातल्या दोन्ही माणसांची वेगवेगळी नोंद, बाईचे नाव तिच्या स्वतःच्या ओळीत, मजुरीही तिच्या खात्यात. उचलीचा लेखी हिशेब, वाचून दाखवलेला. फडाजवळ शौचालय, दवाखाना, पाळणाघर. गावात थांबलेल्या लेकरासाठी वसतिगृहात जागा आणि सोबत गेलेल्यासाठी कारखान्याशेजारच्या शाळेत दाखला न मागता प्रवेश. यातले काहीही अशक्य नाही. मॉरिशसला गिरमिटियांचे ऋण कबूल करायला दीडशेहून अधिक वर्षे लागली. महाराष्ट्राची साखर ज्यांच्या हातून निघते ती माणसे आज हयात आहेत, त्यांची मुले आज शाळेच्या वयाची आहेत. त्यांचे देणे त्यांच्या हयातीतच चुकते करायला हवे.