पीडीएफमध्ये मराठीऐवजी चौकटी दिसतात? फोन बदलण्याआधी हे करून पाहा

तिवसा : व्हॉट्सॲपवर ग्रामपंचायतीची नोटीस किंवा एखाद्या योजनेच्या अर्जाची पीडीएफ येते. उघडली की मराठीच्या जागी नुसत्या चौकटी, नाहीतर इंग्रजी अक्षरांची खिचडी. फोनच बिघडला असं वाटते. पण बहुतेक वेळा फोन ठीक असतो. पीडीएफ बनवताना त्यात मराठी फॉन्ट जोडायचा राहून गेलेला असतो.

असं का होते?

क्रुतिदेवसारख्या जुन्या फॉन्टमध्ये इंग्रजी अक्षरांच्या जागेवर मराठी आकार बसवलेले आहेत. क्रुतिदेवमध्ये ‘तिवसा’ टाइप केलं तर फाइलमध्ये एफ, आर, ओ, एल, के हीच अक्षरं जातात. ज्या कॉम्प्युटरवर क्रुतिदेव आहे, तिथं ‘तिवसा’ दिसते. आपल्या फोनमध्ये तो फॉन्ट नसतो, मग इंग्रजी अक्षरं उघडी पडतात. युनिकोडमध्ये प्रत्येक मराठी अक्षराला स्वतःचा क्रमांक आहे, म्हणून मंगल किंवा निर्मला फॉन्टमधल्या मजकुराची अशी खिचडी सहसा होत नाही.

काय करावं?

१. फाइल पूर्ण डाउनलोड करा आणि दुसऱ्या ॲपमध्ये, म्हणजे गूगल ड्राइव्ह किंवा ॲडोबी रीडरमध्ये उघडून पाहा.

२. तरी जमलं नाही तर पाठवणाऱ्यालाच सांगा, ‘फॉन्ट जोडून पीडीएफ पुन्हा पाठवा.’ वर्डमध्ये पीडीएफ सेव्ह करताना ‘ऑप्शन्स’मध्ये पीडीएफ/ए वर टिक करायची. या प्रकारात फॉन्ट फाइलमध्ये असणं बंधनकारक आहे. घाई असेल तर त्याच कॉम्प्युटरवरची प्रिंट मागा.

३. वाचताना बरोबर, पण कॉपी-पेस्ट केलं की खिचडी होत असेल, तर गूगल लेन्सने मजकूर उचला. त्यात १ चा ९ होऊ शकतो. गट नंबर, क्षेत्र, बँक खाते नंबर आणि नाव मूळ कागदाशी जुळवूनच अर्जात भरा. एक आकडा चुकला तरी अर्ज अडकू शकतो.

सातबारा असेल तर

डिजिटल सहीचा सातबारा दुरुस्त करत बसू नका. फाइलमध्ये बदल केला की ती सही टिकत नाही. महाभूमीच्या डिजिटल सातबारा पोर्टलवर १५ रुपयांत नवी प्रत निघते, तीच जोडा.

हे करू नका

‘फॉन्ट दुरुस्त करतो’ म्हणून कोणी एपीके फाइल पाठवली तर इन्स्टॉल करू नका. अशा फाइलमधून फोनवरचे ओटीपी चोरले जाऊ शकतात. आधार, पासबुक किंवा सातबारा अनोळखी वेबसाइटवर चढवू नका.

अर्जाची शेवटची तारीख जवळ असेल तर पीडीएफ आल्या दिवशीच उघडून पाहा. दुरुस्त प्रत मागवायला वेळ हाताशी राहते.